कंत्राटी नेमणूक, बारमाही काम : कोर्टात नेमकं काय टिकतं?

कोरा_कागद

१९ ऑगस्ट २०२५ ला सर्वोच्च न्यायालयाचा 'धरम सिंग विरुद्ध उत्तर प्रदेश राज्य' हा निकाल आला. तेव्हापासून माझ्या फोनवर एकच मजकूर फिरून फिरून येतोय : 'दहा वर्षं कंत्राटी सेवा झाली की आता सरकारला कायम करावंच लागणार.' पाठवणारे बहुतेक स्वतः कंत्राटी आहेत. त्यांची आशा मला कळते, म्हणूनच हा धागा काढतोय. असा मजकूर वाचून लोक वर्गणी गोळा करतात, मिळेल त्या कोर्टात धाव घेतात आणि पहिल्याच सुनावणीत अर्ज निकाली निघतो.

मी जिल्हा पातळीवरच्या एका कार्यालयात आस्थापना शाखेत होतो. न्यायालयीन प्रकरणांचं टेबल बरीच वर्षं माझ्याकडे होतं. सरकारी वकिलांकडे जाणारी परिच्छेदनिहाय उत्तरं आम्हीच तयार करायचो. सरकार कशावर जिंकतं आणि कशावर हरतं, ते त्या टेबलावर बसून बघितलंय.

सुरुवात उमादेवीपासूनच करावी लागते. १० एप्रिल २००६ चा पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाचा निकाल, कर्नाटक राज्य विरुद्ध उमादेवी. मूळ कर्मचारी कर्नाटकातल्या विक्रीकर खात्यात रोजंदारीवर होते, दहा वर्षांहून जास्त काळ. त्याआधीच्या दोन दशकांत न्यायालयं बऱ्यापैकी मोकळ्या हाताने नियमितीकरणाचे आदेश देत असत. उमादेवीने तो दरवाजा लावला. मुद्दा असा होता की सरकारी नोकरी ही सगळ्या नागरिकांसाठी खुली आहे, घटनेचे अनुच्छेद १४ आणि १६ तसं सांगतात. जाहिरात नाही, स्पर्धा नाही, साहेबांच्या ओळखीने कोणीतरी चिकटला आणि दहा वर्षांनी 'आता मला कायम करा' म्हणाला, तर बाहेर उभ्या असलेल्या हजारो पात्र उमेदवारांचं काय?

पण त्याच निकालात परिच्छेद ५३ आहे. तिथे न्यायालयाने 'बेकायदेशीर' आणि 'अनियमित' नेमणुकीत फरक केला. मंजूर पद रिक्त आहे, माणूस पात्रताधारक आहे, फक्त निवडीची प्रक्रिया पूर्णपणे नियमाप्रमाणे झाली नाही, आणि न्यायालयाच्या स्थगितीच्या आधाराशिवाय त्याने दहा वर्षं काम केलंय, अशांचा एकवेळची बाब म्हणून विचार करा, असं सरकारांना सांगितलं. फिरणाऱ्या मजकुरातली 'दहा वर्षं' इथून उचललेली आहेत. त्यांच्या पुढचे-मागचे शब्द मात्र गळून पडलेत.

पुढे २०१० मध्ये एम. एल. केसरी प्रकरणात न्यायालयाने स्पष्ट केलं की एकवेळची बाब म्हणजे सहा महिने उलटले की विषय संपला असं नव्हे. जे तेव्हा पात्र होते त्या प्रत्येकाचा विचार होईपर्यंत ते काम अपुरंच राहतं. हे वाक्य आमच्या कार्यालयात कोणी वाचलं नव्हतं. उमादेवी मात्र सगळ्यांना तोंडपाठ. कर्मचारी कोणीही असो, काम कोणतंही असो, उत्तराच्या शेवटी 'मा. सर्वोच्च न्यायालयाच्या उमादेवी प्रकरणातील निर्णय विचारात घेता अर्जदाराची मागणी अमान्य करण्यात यावी' हे ठरलेलं. मला ते लिहिताना वाईट वाटायचं. ज्या निकालाने सरकारला 'मागच्या दाराने माणसं घेऊ नका' असं बजावलं, त्याच निकालाच्या आडून सरकार मागच्या दाराने माणसं घेतच राहिलं.

आता न्यायालय हेच बोलायला लागलंय. २० डिसेंबर २०२४ चा जग्गो निकाल बघा. केंद्रीय जल आयोगात साफसफाई आणि बागकाम करणारे लोक, काहीजण १९९३ पासून. 'अंशकालीन' म्हणून ठेवलेले. न्यायाधिकरणाने त्यांचा अर्ज फेटाळला आणि त्यानंतर ऑक्टोबर २०१८ मध्ये त्यांना काढून टाकलं. न्यायमूर्ती विक्रम नाथ आणि न्यायमूर्ती प्रसन्न वराळे यांच्या पीठाने त्यांना परत घेऊन नियमित करायला सांगितलं आणि उमादेवीचा ढालीसारखा वापर होतोय हे स्पष्ट शब्दांत नोंदवलं. जानेवारी २०२५ मध्ये गाझियाबाद महापालिकेच्या माळ्यांच्या प्रकरणात तोच सूर. आणि आता धरम सिंग : उत्तर प्रदेशच्या उच्च शिक्षण सेवा आयोगात १९८९ ते १९९२ दरम्यान रोजंदारीवर घेतलेले शिपाई आणि चालक. पदनिर्मितीचा प्रस्ताव आयोगाने पाठवला, सरकारने आर्थिक अडचण सांगून नाकारला. न्यायालय म्हणालं की राज्य हा घटनात्मक नियोक्ता आहे, पैशाची चणचण हे प्रत्येक प्रश्नाचं उत्तर असू शकत नाही. गरज पडली तर अधिसंख्य, म्हणजे मंजूर संख्येपेक्षा जादा, पदं निर्माण करा, पण यांना नियमित करा.

वारं फिरलंय, हे खरंच. पण हे तिन्ही निकाल दोन न्यायमूर्तींच्या पीठांचे आहेत. पाच न्यायमूर्तींचा उमादेवी निकाल ते रद्द करू शकत नाहीत आणि त्यांनी केलेलाही नाही. त्यांनी त्याचा गैरवापर थांबवलाय. म्हणजे कोर्ट आजही पहिला प्रश्न 'किती वर्षं झाली?' हा विचारत नाही. पहिला प्रश्न असतो, 'आत आलात कसे?' दुसरा, 'ज्या कामावर आहात ते काम कायमचं आहे का, आणि त्याला पद आहे का?' वर्षांचा हिशोब त्यानंतर.

म्हणून माझं सगळ्या कंत्राटी मंडळींना कळकळीचं सांगणं आहे, निकालांच्या पीडीएफ फाइली जमवण्याआधी स्वतःच्या नेमणुकीचे कागद जमवा.

अबोली

काका, धागा काढलात ते फार बरं केलंत. मी आरोग्य खात्यात एका अभियानात प्रयोगशाळा तंत्रज्ञ आहे. वर्तमानपत्रात जाहिरात आली होती, गुणवत्ता यादी लागली, मुलाखत झाली, आरक्षणाच्या प्रवर्गासकट निवड यादी लागली. तेव्हापासून अकरा-अकरा महिन्यांचे आदेश. मध्ये एक दिवसाचा खंड आणि परत तोच आदेश. त्या खंडाच्या दिवशीही नमुने येतातच, मशिन बंद ठेवता येत नाही, त्यामुळे आम्ही येतो. सही मात्र करायची नाही.

दर वेळी बाँडवर लिहून घेतात : 'मी कायम सेवेचा हक्क सांगणार नाही, न्यायालयात दाद मागणार नाही.' आता कुजबुज आहे की पुढचा आदेश एजन्सीकडून मिळेल. काम तेच, टेबल तेच, पगार एजन्सी देणार.

माझे तीन प्रश्न. खंडामुळे सेवा तुटते का? बाँडवर सही केली म्हणजे हक्क गेला का? आणि एजन्सीच्या कागदावर सही करायची की नाही? शेवटच्या प्रश्नाने झोप उडालीय, कारण नाही म्हटलं तर उद्यापासून घरी.

कृष्णाकाठ

अबोलीताई, मी सेवाविषयक प्रकरणं चालवतो. तुमचं प्रकरण कागद बघितल्याशिवाय सांगता येणार नाही, पण सर्वसाधारण उत्तरं देतो.

खंडाबाबत आपल्या महाराष्ट्रातच चांगला निकाल आहे. शासकीय तंत्रनिकेतनांमधले कंत्राटी अधिव्याख्याते, सचिन डवले आणि इतर, मुंबई उच्च न्यायालयाचं नागपूर खंडपीठ, ऑक्टोबर २०१३. त्या लोकांची निवड जाहिरातीने आणि निवड समितीमार्फत झाली होती, पदं मंजूर होती, आणि लोकसेवा आयोगाचे उमेदवार वर्षानुवर्षं मिळालेच नव्हते. खंडपीठाने म्हटलं की ही मागच्या दाराची भरती नव्हे. तांत्रिक खंड धरूनही तीन वर्षं सेवा झालेल्यांना कायम करण्याचे आदेश दिले. उमादेवी निकाल समोर असतानाच हे झालं, ते लक्षात घ्या. कोरा कागद यांनी म्हटलेला 'आत आलात कसे' हा प्रश्न तिथे निर्णायक ठरला.

बाँडचं भय बाळगू नका. १९८६ च्या ब्रोजो नाथ गांगुली प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगून ठेवलंय की दोन्ही बाजूंची ताकद कमालीची विषम असताना दुबळ्या बाजूवर लादलेली अन्यायकारक अट करार कायद्याच्या कलम २३ खाली टिकत नाही. नोकरी हवी असेल तर सही कर, नाहीतर जा, याला खुशीचा करार म्हणत नाहीत. आणि न्यायालयात न जाण्याची अट तर करार कायद्याच्या कलम २८ मुळेच निरर्थक. मात्र बाँडची प्रत जपून ठेवा. दर वर्षी तीच अट लिहून घ्यावी लागली, म्हणजे दर वर्षी काम होतं, हे त्यातूनच दिसतं.

एजन्सीचा मामला गंभीर आहे. २००१ मध्ये स्टील ऑथॉरिटी प्रकरणात घटनापीठाने ठरवलं की कंत्राटी कामगार पद्धत बंद केली तरी मजूर आपोआप मूळ मालकाचे होत नाहीत. ते कंत्राट नुसता देखावा होतं हे कामगाराला सिद्ध करावं लागतं. एकदा तुमचा नियुक्ती आदेश एजन्सीचा झाला की 'मी शासनाने निवडलेली आहे' हा तुमचा सगळ्यात मजबूत मुद्दा पातळ होतो. जग्गो निकालात नेमकी उलट बाजू उपयोगी पडली : लोकांना काढून तेच काम बाह्यस्रोताकडे दिलं, यावरून कामाची गरज कायम आहे हेच न्यायालयाने धरलं. तेव्हा आदेश बदलण्याआधी दाद मागणं आणि 'जैसे थे' मिळवणं हा मार्ग आहे. सही करावीच लागली तर 'हक्क अबाधित ठेवून, निषेध नोंदवून' असं लेखी पत्र त्याच दिवशी आवक शाखेत द्या, शिक्का घ्या.

एक अडचणही सांगतो. अभियानातली पदं बहुतेक वेळा राज्याच्या आकृतिबंधात, म्हणजे मंजूर पदांच्या यादीत, नसतात, ती योजनेच्या आराखड्यातून येतात आणि नेमणूक संस्थेमार्फत होते. सरकारी बाजू त्यावरच जोर देईल. पण राज्य शासनाने स्वतःच १४ मार्च २०२४ ला राष्ट्रीय आरोग्य अभियानातल्या दहा वर्षं पूर्ण केलेल्यांना ३० टक्के पदांवर समायोजित करण्याचा निर्णय काढलाय. तुम्ही त्यात बसत असाल तर न्यायालयात जाण्याआधी त्या निर्णयाखाली अर्ज केलाय का आणि त्याचं उत्तर काय आलं, हे पहिलं विचारलं जाईल.

पहाटतारा

माझं मत इथे बऱ्याच जणांना आवडणार नाही, तरी लिहिते.

मी स्पर्धा परीक्षेची तयारी करते. आमच्या अभ्यासिकेत रात्री अकरापर्यंत दिवे चालू असतात. तिथल्या प्रत्येकाच्या घरी कोणीतरी शेत गहाण ठेवून किंवा दागिना मोडून खोलीचं भाडं पाठवतंय. जाहिरात येत नाही. आली तर जागा मूठभर. कारण विचारलं तर पदं 'कंत्राटी पद्धतीने भरलेली आहेत'. आणि मग तीच पदं समायोजनाने भरायची? मग आम्ही परीक्षा कशाची द्यायची?

माझा प्रवर्ग राखीव आहे. कंत्राटी भरतीत बिंदुनामावली, म्हणजे कोणती जागा कोणत्या प्रवर्गाची याची यादी, पाळली जाते का? बहुतेक ठिकाणी विचारायचीही सोय नसते. उमादेवी निकालाला इथे सगळे शिव्या देतायत, पण बाहेर उभ्या असलेल्या माणसाचा विचार करणारा तोच एक निकाल आहे. अबोलीताई, तुमच्यासारख्या जाहिरातीने आलेल्यांबद्दल माझी काही तक्रार नाही. पण तुमच्या नावाच्या आड साहेबाचा पुतण्यासुद्धा कायम होतो, तेव्हा आमच्या पोटात कालवतं.

कोरा_कागद

पहाटतारा, तुझं मत आवडलं नाही असं कोण म्हणेल? तू म्हणतेस तेच उमादेवीचं मर्म आहे.

फक्त एक बघ. कंत्राटी माणूस कायम झाला म्हणून तुझी जागा गेली असं दिसतं, पण जागा त्याच्या आधीच गेलेली असते. सरळसेवेचं मागणीपत्र, म्हणजे परीक्षेने भरायच्या रिक्त जागांची मागणी, वेळेवर पाठवलंच नाही त्या दिवशी. मी ती मागणीपत्रं पाहिलीत. रिक्त पदांची माहिती मागवायची, ती परत पाठवायची, पुन्हा नव्या नमुन्यात मागवायची, यात वर्ष जातं. तेवढ्यात काम अडतं म्हणून कंत्राटी भरतीची परवानगी येते. मग वित्त विभाग म्हणतो, काम चाललंय ना, पद कशाला भरता? तुझी परीक्षा आणि अबोलीची सेवा, दोन्हींचं नुकसान त्या एकाच फाइलमध्ये होतं.

सप्टेंबर २०२३ मध्ये नऊ एजन्सींमार्फत मनुष्यबळ घेण्याचा शासन निर्णय निघाला, तेव्हा रस्त्यावर कोण उतरलं आठवतंय? तुम्ही परीक्षार्थी. ऑक्टोबरमध्ये सरकारला तो रद्द करावा लागला. तो लढा कंत्राटी कर्मचाऱ्यांच्याही फायद्याचा होता.

आरक्षणाबद्दल : केंद्र सरकारने ४५ दिवस किंवा त्याहून जास्त मुदतीच्या तात्पुरत्या नेमणुकांमध्ये अनुसूचित जाती, जमाती आणि इतर मागासवर्गाचं आरक्षण देण्याची आपली भूमिका २०२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयासमोर मांडली आहे. म्हणजे तात्पुरती नेमणूक आहे म्हणून आरक्षण नाही, हा युक्तिवाद निदान केंद्रापुरता संपलाय. राज्यातल्या प्रत्येक कंत्राटी जाहिरातीबाबत हाच प्रश्न माहिती अधिकारात विचारायला हवा. तो तुम्ही विचारा, कारण आतल्या माणसाला विचारायची भीती असते.

रानवाटा

सगळे शिकलेल्यांच्या नोकऱ्यांबद्दल बोलताय म्हणून लिहितो. माझे वडील वनखात्यात रोपवनावर मजूर होते. खड्डे, रोपं, पाणी, वणव्याची जाळरेषा. उन्हाळा-पावसाळा काम. त्यांना कधी कसला आदेश मिळाला नाही. हजेरी मस्टरवर, आणि मस्टर कार्यालयात.

त्यांच्यासारख्यांना उच्च न्यायालयाच्या पायऱ्या चढायची गरज पडली नाही, कारण महाराष्ट्रात आपल्याकडे १९७१ चा कामगार संघटना मान्यता आणि अनुचित प्रथा प्रतिबंध कायदा आहे. त्याच्या चौथ्या अनुसूचीत सहावी बाब : माणसाला कायमपणाचे फायदे मिळू नयेत या हेतूने वर्षानुवर्षं बदली, हंगामी किंवा तात्पुरता म्हणून ठेवणं ही अनुचित प्रथा. पुण्यातल्या पाचगाव पर्वतीच्या वनीकरणावरच्या मजुरांनी याच बाबीखाली औद्योगिक न्यायालयात तक्रार केली आणि जगन्नाथ कोंढरे प्रकरणात सर्वोच्च न्यायालयापर्यंत ती टिकली. सरकार म्हणत होतं की वनीकरण हा उद्योग नाही, आणि पाच-सहा वर्षं तात्पुरतं ठेवण्यात आमचा वाईट हेतू नव्हता. न्यायालयाने दोन्ही मानलं नाही. इतकी वर्षं तात्पुरतं ठेवलं यातूनच हेतू दिसतो, असं धरलं.

बांधकाम आणि पाटबंधारे खात्यातल्या जुन्या मजुरांना विचारा, त्यांना १९६७ ची कालेलकर तडजोड माहीत असते. पाच वर्षं सलग भरली की रूपांतरित नियमित अस्थायी आस्थापनेवर (सीआरटी) घ्यायचं. आमच्याकडे अजून म्हातारी माणसं 'तो सीआरटीत गेला' म्हणतात, आणि त्या एका शब्दात पेन्शन, सुट्टी, मुलीचं लग्न सगळं येतं.

वडिलांच्या वेळी कसोटी एकच होती : वर्षाला २४० दिवस भरले हे दाखवा. मस्टर मागितलं तर एका वर्षाचं वाळवीने खाल्लं, एका वर्षाचं सापडत नाही. वडिलांना लिहिता येत नव्हतं. पण आई प्रत्येक पगाराच्या दिवशी दिनदर्शिकेच्या चौकटीत खूण करायची, आणि वनपालाने एकदा मजुरांच्या पाण्याच्या टाकीसाठी लिहिलेल्या पत्रात सगळ्यांची नावं होती. युनियनच्या माणसाने ते पत्र शोधून काढलं. कोर्टात तेच कामी आलं.

कृष्णाकाठ

रानवाटा, फार महत्त्वाची भर. यात एक जोडतो. उमादेवीनंतर सरकारी महामंडळं औद्योगिक न्यायालयातही तोच निकाल पुढे करू लागली होती. २००९ मध्ये एसटी महामंडळ विरुद्ध कास्ट्राईब संघटना या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की उमादेवी निकाल उच्च न्यायालयांच्या रिट अधिकाराबद्दल, म्हणजे घटनेनुसार सरकारला थेट आदेश देण्याच्या अधिकाराबद्दल आहे. अनुचित प्रथा सिद्ध झाली तर सहाव्या बाबीखाली कायम करण्याचा औद्योगिक न्यायालयाचा अधिकार त्याने काढून घेतलेला नाही. पद अस्तित्वातच नसेल तर मात्र ते न्यायालय पद निर्माण करू शकत नाही.

त्यामुळे कुठे जायचं हे आधी ठरवा. राज्य शासनाच्या नागरी पदावर असाल तर मॅट (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण), मुंबई, नागपूर किंवा छत्रपती संभाजीनगर. जिल्हा परिषद आणि महापालिका मॅटच्या कक्षेत येत नाहीत. कामगार या व्याख्येत बसत असाल आणि खातं उद्योग ठरत असेल तर औद्योगिक न्यायालय. बाकी उच्च न्यायालयात रिट. चुकीच्या दारात दोन वर्षं घालवून 'अधिकारकक्षा नाही' हे ऐकणारे पक्षकार मी दर महिन्याला बघतो.

मुदतीचं तर विचारूच नका. अनुचित प्रथेची तक्रार ९० दिवसांत. मॅटमध्ये अंतिम आदेशापासून एक वर्ष. लोक निवेदनं देत बसतात. निवेदनावर निवेदन दिल्याने संपलेली मुदत पुन्हा जिवंत होत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने २००८ मध्ये सी. जेकब प्रकरणात स्वच्छ सांगितलंय. मंत्रीमहोदयांनी निवेदनावर 'तपासून सादर करावे' लिहिलं तरी त्याने मुदत वाढत नाही.

मी_परभणीकर

मी महाविद्यालयात शिकवतो, आधी कंत्राटी, आता तासिका तत्त्वावर. कायम होण्याची आशा मी सोडलीय. पण शेजारच्या वर्गात तोच अभ्यासक्रम शिकवणाऱ्याच्या पगाराशी माझं मानधन ताडून बघितलं की मान खाली जाते. समान काम, समान वेतन यावर काही आधार आहे का? आणि दर जूनमध्ये 'नवीन मुलाखती घेऊ' म्हणतात, म्हणजे मला काढून दुसरा तासिकावालाच घेणार. हे चालतं?

कृष्णाकाठ

सर, कायम होणं आणि वेतन हे दोन वेगळे हक्क आहेत, आणि वेतनाची बाजू जास्त भक्कम आहे. २६ ऑक्टोबर २०१६, पंजाब राज्य विरुद्ध जगजीत सिंग : काम आणि जबाबदारी तीच असेल तर तात्पुरत्या कर्मचाऱ्याला नियमित वेतनश्रेणीतलं किमान वेतन मिळालं पाहिजे. नियमितीकरणाचा हक्क असो वा नसो. ऑगस्ट २०२५ मध्ये गुजरातमधल्या कंत्राटी सहायक प्राध्यापकांना सर्वोच्च न्यायालयाने याच धर्तीवर किमान वेतन दिलं. तासिका तत्त्वावर मात्र 'पूर्णवेळ तेच काम' हे सिद्ध करणं कठीण जातं. म्हणून वेळापत्रक, परीक्षेच्या कामाचे आदेश, मूल्यांकनाच्या समितीवरची नेमणूक, सगळं जपा. तास घेण्यापलीकडे तुम्ही जे करता ते कुठे ना कुठे लिहिलेलं असतं.

एका तात्पुरत्याला काढून दुसरा तात्पुरता घेता येत नाही. नियमित निवडीने आलेल्यालाच जागा द्यावी लागते. ग्वाल्हेरच्या अतिथी प्राध्यापकांच्या मनीष गुप्ता प्रकरणात, एप्रिल २०२२ मध्ये, हे पुन्हा ठामपणे आलंय. तेव्हा जूनची जाहिरात निघाली की लगेच हलायचं. मुलाखती झाल्यावर नाही.

आणि स्थगितीबद्दल एक इशारा सगळ्यांनाच. उमादेवीतली दहा वर्षं न्यायालयीन आदेशाच्या आधाराशिवायची हवीत. आज स्थगिती घेतली आणि तिच्या जोरावर आठ वर्षं काम केलं, तर ती वर्षं त्या हिशोबात धरायला सरकारी वकील हरकत घेणारच. नोकरी वाचवायची तर स्थगिती लागते, नाकारता येत नाही. पण त्यानंतर मूळ अर्ज धूळ खात पडू देऊ नका, सुनावणीसाठी पाठपुरावा करा.

निशिगंधा

मध्येच एक प्रश्न. कंत्राटाची मुदत बाळंतपणाच्या रजेच्या मधोमध संपत असेल तर?

कृष्णाकाठ

मुदत संपली तरी प्रसूती लाभ पूर्ण काळाचे द्यावे लागतात. कविता यादव प्रकरण, सर्वोच्च न्यायालय, ऑगस्ट २०२३. अर्ज लेखी द्या, आदेशाची मुदत संपण्याआधी द्या.

पहाटतारा

रानवाटादादा, तुमच्या आईच्या दिनदर्शिकेबद्दल वाचून बराच वेळ काही लिहावंसं वाटलं नाही. मजुरांबद्दल माझा आक्षेप कधीच नव्हता, त्यांच्यासाठी कोणती परीक्षा होती? कोरा कागद काका, मागणीपत्रांचं म्हणताय ते पटलं. आमच्या गटातर्फे जिल्ह्यातल्या चार खात्यांत माहिती अधिकाराचे अर्ज टाकतोय : मंजूर पदं, भरलेली, रिक्त, कंत्राटी, आणि शेवटचं मागणीपत्र कधी पाठवलं. आणखी काय मागू?

कोरा_कागद

आकृतिबंधाचा शासन निर्णय, बिंदुनामावलीची मागासवर्ग कक्षाने तपासलेली प्रत, आणि कंत्राटी भरतीला परवानगी देणाऱ्या फाइलमधली टिप्पणी. टिप्पणी विसरू नकोस. आदेशात 'निव्वळ तात्पुरत्या स्वरूपात' लिहिलेलं असतं, पण टिप्पणीत 'सदर काम नियमित व अत्यावश्यक स्वरूपाचे असून पद रिक्त ठेवता येणार नाही' असं लिहून परवानगी घेतलेली असते. ते वाक्य तुमच्या दोघींच्याही कामाचं आहे, तुझ्या आणि अबोलीच्या.

तीस दिवसांत उत्तर नाही आलं तर पुढच्या तीस दिवसांत पहिलं अपील. 'माहिती संकलित स्वरूपात उपलब्ध नाही' असं उत्तर आलं तर अभिलेखांची पाहणी मागायची आणि स्वतः जाऊन बघायचं.

अबोली

सगळ्यांचे आभार. जिल्हा ग्रंथालयात जुन्या वर्तमानपत्रांच्या फाइली चाळून मूळ जाहिरात मिळवली, प्रवर्गनिहाय जागांसकट. निवड यादी एका सहकाऱ्याकडे सापडली. समायोजनासाठीचा अर्ज आवक शिक्क्यासह दिलाय. एजन्सीचा कागद अजून आलेला नाही.

आमच्या जिल्ह्यातले तंत्रज्ञ, औषधनिर्माते, समुपदेशक मिळून एकत्र याचिका करायचं म्हणतायत, खर्च वाटला जाईल. कृष्णाकाठ सर, हे बरोबर आहे का? आमच्यातले काही माझ्यासारखे जाहिरातीने आलेत, काही नंतर थेट मुलाखतीने आणि दोघेजण आधीच एजन्सीकडून आहेत.

कृष्णाकाठ

सगळ्यांना एका याचिकेत घालू नका. प्रवेश ज्यांचा सारखा, त्यांचीच एकत्र याचिका. जाहिरात आणि निवड यादीवाले एका गटात, थेट मुलाखतीवाले दुसऱ्या, एजन्सीवाल्यांचा वाद तर मुळातच वेगळा, त्यांना आधी कंत्राट देखावा आहे हे दाखवावं लागेल. एकत्र आलात तर सरकारी उत्तर सगळ्यात कमजोर माणसावर लिहिलं जाईल आणि तुमची जाहिरात त्यात बुडेल. खर्च वाटून घ्यायचा असेल तर तिन्ही याचिकांचा मिळून वाटा.

वकिलाकडे जाण्याआधी प्रत्येकाचा एक तक्ता करा : जाहिरातीची तारीख, पदाचं नाव, प्रवर्ग, यादीतला क्रमांक, पहिला आदेश, प्रत्येक खंडाची तारीख, आणि खंडाच्या दिवशी काम केल्याचा कागद. तुमच्या बाबतीत त्या दिवशीच्या नमुन्यांच्या नोंदवहीत तुमचं अक्षर आणि मशिनवरचा तुमचा लॉगिन असेल. त्या पानांच्या प्रती माहिती अधिकारात आजच मागा, नोंदवह्या ठरावीक वर्षांनी नष्ट करतात.